ठाण्याच्या वाचनालयातला तो डाव

सखाराम, तुझ्या दहाव्याला खाडीवर उभा होतो. पिंड मांडून झाले होते आणि कावळा शिवायची वाट बघत सगळे गप्प होते. तेवढ्यात भिवंडीहून आलेल्या तुझ्या कुणा व्यापारी स्नेह्याने शेजारच्याला विचारलं, "हे कोण?" शेजाऱ्याने आवाज पुरेसा न उतरवताच सांगितलं, "हे बाळकृष्ण मास्तर. ठाण्याच्या इंग्रजी शाळेतले. आपल्या सखारामशेटना बुद्धिबळात हरवलेले ते हेच."

तुझ्या दहाव्याला, अरे! तुझ्या पिंडांसमोर माझी ही ओळख. त्या गृहस्थाने माझ्याकडे इतक्या आदराने पाहिलं की मी मान फिरवून पाण्याकडे बघत राहिलो. कावळा यायला वेळ लागला. शेटचं काहीतरी मनात राहिलंय, असं लोक म्हणू लागले. कुणी गोदामांचं बोललं, कुणी धाकट्याच्या लग्नाचं. मला जे वाटत होतं ते मी बोललो नाही, कारण तू मला शपथ घातली होतीस.

तू असतास तर पोट धरून हसला असतास. बाळ्याची ओळख अजून तीच का, म्हणाला असतास. पण मला त्या दिवसापासून चैन नाही. म्हणून तुझ्याशीच बोलतो. तसंही आयुष्यभर तुझ्याशीच भांडत आलो, आता दुसरा कोण शोधू?

आपण दोघं कल्याणात एकाच पंतोजींच्या छड्या खाल्ल्या. पुढे तू कल्याणातच वडिलांच्या भाताच्या व्यापारात गेलास आणि मी इंग्रजी शिकायला मुंबईला. पण त्याआधीच तुझ्या काकांनी आपल्याला बुद्धिबळ शिकवलं होतं. जाड्याभरड्या कापडाचा तो पट, त्यावर दोऱ्याने शिवलेली घरं, आणि एक हत्ती हरवला म्हणून त्याच्या जागी सुपारी. मी पहिल्या दिवशी हरलो, दुसऱ्या दिवशी हरलो, आणि नंतर त्याची सवयच झाली. तुझ्याकडून हरण्यात मला कधी कमीपणा वाटला नाही. ज्याच्या-त्याच्याकडून हरलो असतो तर वाटला असता.

तुझी कीर्ती मी लोकांना किती वेळा ऐकवली असेल! मिरजेचे ते नामांकित खेळाडू मुद्दाम तुझ्याशी खेळायला आले, तेव्हा तू डाव मांडण्याआधी एका प्याद्याला लाल दोरा बांधलास आणि नम्रपणे म्हणालास, "मात ह्यानेच करीन म्हणतो." आपल्या देशी खेळात वजिराने नाहीतर हत्तीने मात केली तर ती नुसती मात, प्याद्याने केली तर तिची वाहवा. त्यातही आधी सांगून, खूण करून, त्याच प्याद्याने मात करायची म्हणजे डोकं ठिकाणावर आहे ना असं लोकांनी विचारावं. त्या गृहस्थांनीही हसून घेतलं. संध्याकाळपर्यंत तुझं दोरा बांधलेलं प्यादं त्यांच्या राजाच्या छातीशी उभं होतं. ते उठले आणि त्यांनी तुझ्या पाठीवर हात ठेवला. बडोद्याच्या दरबारातून तुला शेला आला तोही असाच. पण मला सगळ्यात आवडायचा तो तुझा पाठमोरा खेळ. पटाकडे पाठ करून बसायचास, समोरच्या गिऱ्हाइकाला तळहातावर भाताचा नमुना दाखवायचास, दाणा चावून बघायचास, आणि मधेच मागे न बघता सांगायचास, "उंट काढ रे डावीकडचा, शह दे." गिऱ्हाईक घाबरायचं. त्याला वाटायचं शेटना काहीतरी झालं.

मग तो ठाण्याचा डाव.

मुंबईतल्या काही मंडळींनी विलायती रीतीने बुद्धिबळाचे सामने भरवायचं ठरवलं आणि ठाणे जिल्ह्यातून एक खेळाडू पाठवा असा निरोप आला. तुझ्याशिवाय दुसरं नाव कुणाच्या तोंडी नव्हतं. अडचण एवढीच, की विलायती रीत तुला येत नव्हती. मला येत होती, मुंबईला शिकताना शिकलो होतो. तेव्हा असं ठरलं की वाचनालयाच्या माडीवर आपण दोघांनी विलायती रीतीने एक डाव खेळावा आणि जिंकेल त्याने जावं. सगळ्यांना वाटलं हा नुसता देखावा आहे. मलाही तेच वाटलं.

तू लाल पगडी घालून, उपरण्याला भाताचा कोंडा चिकटलेला तसाच आलास. तो काळ्यापांढऱ्या घरांचा लाकडी पट बघून म्हणालास, "हा पट आहे की कुणाच्या दिवाणखान्याची फरशी?" सगळी माडी हसली. मी तुला नियम सांगितले. इथे प्यादं पहिल्यांदा दोन घरं जाऊ शकतं. इथे राजाला घोड्यासारखी एक उडी मिळत नाही. इथे प्यादं शेवटच्या घरात पोचलं की कुठल्याही ओळीत असो, त्याचा वजीर करता येतो. आपल्यासारखं घोड्याच्या ओळीत घोडा आणि हत्तीच्या ओळीत हत्ती असं नाही. आणि इथे बुर्जी नाही. तू प्रत्येक वाक्याला मान हलवलीस.

हे वाचणाऱ्या नव्या पोरांना बुर्जी ठाऊक असेल-नसेल म्हणून सांगतो. समोरच्याची सगळी मोहरी मारून त्याचा राजा एकटा उरला, की आपल्यात डाव तिथेच थांबतो. तो बरोबरीत सुटला असं म्हणायचं, पण फजिती मारणाऱ्याची. म्हणून कसलेला खेळाडू समोरच्याचं शेवटचं मोहरं कधी मारत नाही. ते जपून ठेवतो आणि ते असताना मात करतो. तुझे काका म्हणायचे, ज्याच्याजवळ कुणी उरलं नाही त्याला गाठण्यात कसली मर्दुमकी?

त्या दिवशी तू मला धुऊन काढलंस. शेवटी माझ्याकडे राजा आणि एक प्यादं एवढंच उरलं. प्यादं घोड्याच्या ओळीत, शेवटच्या घराच्या एकच पाऊल अलीकडे. तुझा उंट तिरक्या रेषेत थेट त्याच्यावर रोखलेला. तुझा हत्ती होता, तुझं दोरा बांधलेलं प्यादंही होतं. विलायती डावातही तू दोरा सोडला नव्हतास. माझ्या प्याद्याला मारलं असतंस की संपलं होतं. तुझा हात उंटाकडे गेला, मी स्वतः पाहिला. बोटं उंटाच्या डोक्याशी आली आणि थांबली. मग तू हात मागे घेतलास आणि दोरा बांधलेलं प्यादं पुढे सरकवलंस. पुढच्या खेळीला प्यादेमात होती. देशी खेळात माझ्या प्याद्याचा फार तर घोडा झाला असता, आणि त्या घोड्याने तुझं काही बिघडलं नसतं.

"वजीर," मी म्हणालो. आणि वजीर होता होताच शह बसला. तू राजा हलवलास, मी वजिराने तुझा हत्ती मारला. पुढचं खेळण्यात अर्थ नव्हता.

तू पटाकडे बराच वेळ बघत राहिलास. मग स्वतःच्या हाताने राजा आडवा केलास आणि म्हणालास, "मास्तर जिंकले." आयुष्यात पहिल्यांदा तू मला मास्तर म्हणालास, आणि ते मला मुळीच आवडलं नाही.

मुंबईला मी गेलो आणि सगळ्यांकडून हरून आलो. पण मुंबईत काय झालं हे ठाण्याने विचारलं नाही. सखारामशेटना ज्याने हरवलं तो, एवढंच पुरे होतं. मामलेदार मला चहाला बोलवू लागले. कोर्टातले वकील, जे एरवी शाळामास्तराकडे ढुंकून बघत नाहीत, ते तळ्याच्या काठी थांबून नमस्कार करू लागले. वाचनालयात मला खिडकीजवळची खुर्ची मिळाली. सखाराम, तुला माझं घर ठाऊक आहे. बायको बाळंतपणात गेली, मूलही राहिलं नाही, दुसरं लग्न केलं नाही. शाळेत पोरं दर वर्षी नवी यायची आणि जायची. त्या खुर्चीचा, त्या नमस्कारांचा मला आधार होता, हे आज सांगायला लाज वाटत नाही.

त्यानंतर तू माझ्याशी विलायती डाव कधी खेळला नाहीस. किती वेळा म्हटलं, चल, वाचनालयात पुन्हा बसू. "नको रे, डोक्यात बसत नाही माझ्या तो खेळ," एवढंच म्हणायचास. मग आपण तुझ्या गोदामात पोत्यांवर बसून देशी खेळायचो आणि मी हरायचो. ते कुणी मोजत नव्हतं.

आणि आपलं ते भांडण! मी म्हणायचो, तू नियम विसरलास. तू म्हणायचास, "विसरलो नाही. हात गेला नाही."

"म्हणजे काय?"

"म्हणजे हात गेला नाही. लहानपणापासून जे केलं नाही ते हात करीना. त्याला मी काय करू?"

"सरळ कबूल कर ना, विसरलास म्हणून!"

"बाळ्या, तुझ्यासारखा हट्टी माणूस मी भाताच्या बाजारातसुद्धा पाहिला नाही."

बंदरावर, देवळात, तुझ्या मुलीच्या लग्नात व्याह्यांसमोर, कुठेही हे भांडण निघायचं. एकदा तर इतकं चिघळलं की अख्खा श्रावण तू माझ्याशी बोलला नाहीस. चतुर्थीला गोदावहिनींनी माणूस पाठवला आणि त्याच्याकडून निरोप, "भावोजींना म्हणावं, मोदक गार होतायत. बुद्धिबळ नंतर." मी आलो. तू ताटावर मान खाली घालून बसला होतास. मी बसल्या बसल्या म्हणालो, "विसरलासच." तुला ठसका लागला आणि वहिनींनी आपल्या दोघांना एकदमच पाणी दिलं.

मला खरंच वाटायचं की तू विसरलास. आणि विसरला असशील तर मी जिंकलो, हे त्यात आलंच.

ह्या हिवाळ्यात तुझा दमा बळावला. वैद्यांनी जिना चढायचा नाही, बोलायचं नाही, असं बजावलं. मी सुट्टीच्या दिवशी यायचो. तू लोडाला टेकून बसलेला, छातीतून शिट्टीसारखा आवाज. एका दुपारी तू हाताने खूण केलीस, पट आण. मी देशी मोहरी मांडू लागलो.

"विलायती," तू म्हणालास.

मला हसू आलं. आजारी माणसाचं मन मोडायचं नाही म्हणून मी बसलो. तू राजापुढचं प्यादं दोन घरं सरकवलंस. इथवर ठीक. थोड्या वेळाने मी माझं एक प्यादं तुझ्या प्याद्याच्या शेजारून दोन घरं पुढे नेलं, तर तू तुझं प्यादं तिरकं सरकवून माझं वाटेतच उचललंस.

"हे काय?" मी म्हणालो.

"चालतं," तू म्हणालास.

विलायती रीतीत दोन घरं उडी मारलेल्या प्याद्याला शेजारचं प्यादं असं मारू शकतं, ते मलाही माहीत होतं. पण वर्षानुवर्षं न वापरलेला तो नियम मीच विसरलो होतो. तेवढ्यात दारात काढ्याची वाटी घेऊन उभ्या असलेल्या वहिनी हसल्या. "चालतं हो भावोजी त्यांच्यात तसं. पहिल्यांदा मीपण भांडलेली."

"तुम्ही?"

"मग! जेवणं झाली की रोज बसवतात. त्या ठाण्याच्या डावापासून. आधी मला येईना, आता थोडं थोडं येतं. हरते रोज, पण बसते."

मी तुझ्याकडे बघितलं. तू पटाकडे बघत होतास, शिकार हेरल्यासारखा. सखाराम, त्या ठाण्याच्या डावापासून! आणि मला म्हणत होतास डोक्यात बसत नाही.

पुढे जे झालं ते व्हायचंच होतं. माझी मोहरी एकेक करत गेली आणि पुन्हा राजा आणि एक प्यादं उरलं. मी थांबलो. तुझा हत्ती त्या प्याद्यावर रोखलेला होता. "घे," मी म्हणालो. माझा आवाज मलाच वेगळा वाटला.

तू घेतलंस. जराही न थांबता, बोटांत पकडून, बाजूला ठेवलंस. मग माझ्या एकट्या राजाला पटाच्या कडेला नेऊन मात केलीस.

"बघितलंस?" तू म्हणालास. "जातो हात."

"मग तेव्हा?"

"तेव्हा विसरलेलो रे. साफ विसरलेलो. घोड्याच्या ओळीत वजीर होतो हे डोक्यातच नव्हतं."

इतक्या वर्षांनी! मला आनंद व्हायला हवा होता. मला संताप आला. "खोटं बोलतोस," मी ओरडलो. "मी बघितलाय तुझा हात. उंटापर्यंत गेला आणि थांबला. तू विसरला नव्हतास!"

"विसरलेलो."

"नव्हतास!"

तुला खोकल्याची उबळ आली. वहिनींनी मला चांगलं झापलं. आपण दोघं आयुष्यभराच्या आपापल्या बाजू टाकून एकमेकांच्या बाजूला जाऊन भांडत होतो आणि कुणीही मागे हटत नव्हतं. अजूनही मला कळत नाही, खरं काय ते. विसरला होतास, की जाता जाता माझी जीत मला निखळ करून द्यायची होती?

श्वास बसल्यावर मी विचारलं, "एवढा येत होता तर खेळला का नाहीस माझ्याशी?"

"खेळलो असतो तर तू हरला असतास."

"मग?"

"मग मामलेदाराने तुला चहाला कशाला बोलावलं असतं?"

तू थोडा वेळ छातीवर हात ठेवून बसलास आणि मग म्हणालास, "माझी गोदामं आहेत, पोरं आहेत, ही आहे. तुझ्याकडे तो एक डाव. तो मी कशाला मारू, बाळ्या?" आणि लगेच, "हे बाहेर बोलायचं नाही. माझी शपथ आहे."

कुणी सांगितलं होतं रे तुला एवढं मन मोठं करायला? मला राग आला, आजही येतो. इतकी वर्षं तू माझ्यावर दया करत होतास आणि मी तुझ्याच पंगतीला बसून तुला हट्टी म्हणत होतो. आणि राग येतो तितक्याच वेळा वाटतं, की ज्याला असा मित्र मिळाला त्याला आणखी काय मिळायचं राहिलं होतं? त्या दुपारी तुझा हात हातात घ्यायला हवा होता. मी मोहरी आवरत बसलो.

पंधरवडा उलटायच्या आत तू गेलास.

तेराव्याला जेवणं आटोपली. मागच्या पडवीत वहिनी भिंतीला टेकून बसल्या होत्या. मी पाण्याचा तांब्या ठेवायला गेलो. त्या माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "लोकांच्या लेखी ते हरलेलेच गेले, नाही का भावोजी?" त्यात तक्रार नव्हती. तक्रार असती तर मी सोसली असती.

मी तसाच ओटीवर आलो. सगळे तिथे होते: बंदरावरचे व्यापारी, ठाण्याहून आलेले वकील, तुझे दोन्ही मुलगे. मी तुझी शपथ मोडली. उभा राहून सगळं सांगितलं. ठाण्याचा डाव माझा नव्हता. सखाराम विलायती खेळात माझ्यापेक्षा कितीतरी वरचढ होता. शेवटच्या डावात त्याने मला उघडा पाडून मात केली. गेली इतकी वर्षं त्याने माझी लाज राखली.

मग भिवंडीचे तेच गृहस्थ डोळे पुसत म्हणाले, "मास्तर, काय मोठं मन हो तुमचं! मेलेल्या मित्रासाठी स्वतःची कीर्ती सोडायला तयार झालात."

"अहो, मी खरं सांगतोय!"

"तेच म्हणतो मी," ते म्हणाले.

मी तुझ्या थोरल्याकडे वळलो. त्याने हात जोडले. "काका, बाबांना फार बरं वाटलं असतं." एक वकील दुसऱ्याच्या कानात म्हणाला की असा प्रतिस्पर्धी लाभायला भाग्य लागतं. मी जितका आवाज चढवला तितका मोठा होत गेलो. शेवटी दाराआडून वहिनी बोलल्या. इतक्या पुरुषांसमोर, त्या दिवशी. "मी होते तिथे. मी पाहिलंय. भावोजी हरले, हे जिंकले." सगळ्यांनी माना खाली घातल्या. मला आधी वाटलं त्यांना पटलं. मग त्यांच्या चेहऱ्यांकडे पाहिलं. त्या बाईची त्यांना कीव आली होती. थोरला उठून आत गेला आणि आईला समजावू लागला.

म्हणून आता हे छापायला देतो. इथेही कुणी संपादक वर चार ओळी टाकील की मास्तरांचा मोठेपणा वाचकांनी पाहावा. टाकू दे. मी लिहायचं ते लिहिलं. वाचनालयातली ती खिडकीजवळची खुर्ची मी कालपासून सोडली आहे आणि त्याचंही लोक कौतुकच करताहेत. तुझ्याशी इतकी वर्षं भांडलो, पण तुझ्याजवळ काही मागितलं नव्हतं. आज मागतो. सखाराम, एकदा तरी मला चारचौघांत हरू दे रे.